निरंजन पाल आणि बोलपटातील लेखकत्वाची विभागणी

१

आपल्याकडील चित्रपटांच्या श्रेयनामावलीत कथा, पटकथा आणि संवाद ही तीन पदे पुष्कळदा वेगवेगळी येतात व त्यांच्यापुढे बहुधा तीन निरनिराळी नावे असतात. नाटकाच्या बाबतीत अशी विभागणी आपल्याला चमत्कारिक वाटेल. देवल किंवा गडकरी यांच्या नाटकात वस्तू एकाची, रचना दुसऱ्याची आणि भाषणे तिसऱ्याची, असे कोणी सांगितल्यास आपण त्यास नाटककार म्हणावयास कचरू. चित्रपटाच्या बाबतीत मात्र हीच गोष्ट आपण स्वाभाविक मानतो. चित्रपट हा एक उद्योग आहे, उद्योगात श्रमविभाग असावयाचाच, असे तिचे कारण सामान्यतः दिले जाते.

हे उत्तर चूक नाही. पण ते अपुरे आहे. श्रमविभाग अमेरिकेतील चित्रगृहांतही होता. तथापि तेथे कथा लिहिणारा, तिची दृश्ये पाडणारा आणि तिला संवाद पुरविणारा हे तिघेही एकाच भाषेत वावरत होते. भारतीय बोलपटात ही विभागणी अनेकदा दोन भाषांच्या सीमेवर पडली. उद्योगाची सोय आणि भाषेची अडचण या दोन्ही गोष्टी तेथे एकत्र आल्या. त्यांपैकी दुसरीचा विचार अभ्यासकांनी फारसा केलेला दिसत नाही. प्रस्तुत निबंधात तो एका लेखकाच्या व्यवसायचरित्राच्या आधारे करावयाचा आहे. हा लेखक म्हणजे निरंजन पाल (१८८९–१९५९).

२

निरंजन पाल हे लाल-बाल-पाल या त्रयीतील बिपिनचंद्र पाल यांचे पुत्र. त्यांचा जन्म कलकत्त्याचा. ऐन तारुण्यात ते लंडनला गेले आणि तेथे इंडिया हाउसमधील क्रांतिकारक तरुणांच्या सहवासात आले. मराठी वाचकाला त्यांचे नाव परिचित असेल ते याच संदर्भात. १९०९ साली ब्रायटनच्या किनाऱ्यावर सावरकरांना ‘सागरास’ ही कविता स्फुरली त्या वेळी निरंजन पाल त्यांच्यासोबत होते, ही आठवण पाल यांनीच पुढे लिहून ठेवली आहे. सावरकरचरित्राच्या वाचकांना पाल भेटतात ते असे एका प्रसंगाचे साक्षीदार म्हणून. आणि तेथेच आपण त्यांना सोडून देतो. या तरुणाने पुढे भारतीय चित्रपटाचा एक महत्त्वाचा कालखंड आपल्या कथांवर उभा केला, याचे स्मरण क्वचितच ठेवले जाते.

इंडिया हाउसचे मंडळ विखुरल्यानंतर पाल यांनी लंडनमध्येच लेखनाचा व्यवसाय धरला. पहिल्या महायुद्धाच्या काळात त्यांनी ब्रिटिश मूकपटांसाठी कथा लिहिल्या. पुढे ते रंगभूमीकडे वळले. ‘द गॉडेस’ हे त्यांचे इंग्रजी नाटक १९२२ साली लंडनमध्ये भारतीय नटसंचाने सादर केले आणि त्या नटसंचात कायद्याच्या अभ्यासासाठी आलेले हिमांशु राय होते. पाल यांची कथा आणि राय यांचे संघटनकौशल्य यांचा हा संयोग पुढे सुमारे पंधरा वर्षे, काही खंड पडूनही, टिकला.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावयास हवी. पाल यांची मातृभाषा बंगाली. परंतु लेखक म्हणून त्यांची जडणघडण झाली ती इंग्रजीत, आणि तीही इंग्रज प्रेक्षकासाठी. भारताविषयी लिहावयाचे, पण भारतात न राहणाऱ्या माणसाला समजेल अशा रीतीने, ही त्यांच्या लेखणीची पहिली शिस्त होती.

३

१९२४ साली राय जर्मनीस गेले आणि म्युनिक येथील एमेल्का या संस्थेशी त्यांनी करार केला. चित्रणाची साधने व तंत्रज्ञ जर्मनीने द्यावयाचे. नट, स्थळे आणि भांडवल भारतातून यावयाचे. यातून ‘द लाइट ऑफ एशिया’ अथवा ‘प्रेम संन्यास’ (१९२५) हा बुद्धचरित्रावरील मूकपट निघाला. एडविन आर्नल्ड यांच्या १८७९ सालच्या इंग्रजी काव्यावरून त्याची पटकथा पाल यांनी रचली होती आणि दिग्दर्शक होते फ्रांझ ऑस्टेन. त्यानंतर ताजमहालाच्या आख्यायिकेवरील ‘शिराझ’ (१९२८) आणि महाभारतातील द्यूतप्रसंगावर आधारलेला ‘अ थ्रो ऑफ डाइस’ अथवा ‘प्रपंच पाश’ (१९२९) हे दोन मूकपट आले. यांच्याही मूळ कथा पाल यांच्याच. भारतात निर्माण झालेल्या तेराशेहून अधिक मूकपटांपैकी फारच थोडे आज शिल्लक आहेत. हे तिन्ही त्या थोड्यांत मोडतात. ‘प्रपंच पाश’ची जीर्णोद्धारित प्रत २००७ साली व ‘शिराझ’ची २०१७ साली नव्या संगीतासह दाखविण्यात आली, त्यामुळे पाल यांच्या रचनेची परीक्षा आता ऐकीव माहितीवर न करता प्रत्यक्ष चित्रपट पाहून करता येते.

मूकपटात शब्द मुळीच नव्हता असे नाही. तो चित्रांच्या मधून येणाऱ्या लिखित पाट्यांवर होता. या पाट्या काढून त्यांच्या जागी दुसऱ्या भाषेतील पाट्या बसविता येत, आणि चित्राला त्याने बाध येत नसे. भारतात तर एकाच पाटीवर दोन-तीन लिप्यांतील मजकूर देण्याची पद्धत होती. मूकपटातील शब्द हा अशा रीतीने सुटा शब्द होता. कथेचा भार त्याच्यावर नव्हता. तो वस्तू, स्थळ आणि हालचाल यांच्यावर होता. लंडनमध्ये लिहिलेली, जर्मन दिग्दर्शकाने राजस्थानात चित्रित केलेली आणि अनेक देशांत दाखवावयाची कथा रचताना याच गुणाचा पाल यांना आधार होता.

‘प्रेम संन्यास’ची रचना या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. बुद्धाची कथा तेथे थेट सुरू होत नाही. प्रारंभी तत्कालीन भारत पाहावयास आलेले पाश्चात्त्य प्रवासी दिसतात. बोधिवृक्षाजवळ त्यांची एका वृद्धाशी गाठ पडते आणि तो त्यांना ही कथा सांगतो. कथेत कथा गुंफण्याची ही रीत पंचतंत्र-कथासरित्सागराइतकी जुनी आहे. पण पाल यांनी तिचा उपयोग एका नव्या कामासाठी केला. जो श्रोता या भूमीचा नाही त्याला चित्रपटातच एक जागा करून दिली. सांगणारा येथला, ऐकणारा परका, आणि दोघांमध्ये एक स्थळ, अशी ही मांडणी आहे. ती पुढे आपल्याला पुन्हा भेटावयाची आहे.

४

१९३१ साली ‘आलम आरा’ आला आणि शब्द चित्राला चिकटला. पाट्या बदलण्याची सोय संपली. नटाच्या तोंडून निघालेली भाषा हीच चित्रपटाची भाषा ठरली. ‘आलम आरा’चा आधार जोसेफ डेव्हिड यांचे नाटक होते, आणि आरंभीच्या अनेक बोलपटांनी पारशी रंगभूमीवरील मुनशींचा आश्रय घेतला. हा मुनशी पगारी असला तरी पूर्ण लेखक होता. नाटकाची रचना, भाषणे आणि गाणी ही सर्व तो एकाच हाताने लिहीत असे. तेव्हा लेखकत्वाची विभागणी बोलपटाने रंगभूमीकडून उचलली असे म्हणता येत नाही. तिचा उगम अन्यत्र शोधावा लागतो. बॉम्बे टॉकीज ही त्यासाठी अत्यंत सोयीची संस्था आहे.

हिमांशु राय व देविका राणी यांनी १९३४ साली मुंबईजवळ मालाड येथे ही संस्था स्थापन केली. तिची रचना मर्यादित कंपनीची होती आणि मुंबईतील प्रतिष्ठित उद्योगपतींचा तिला पाठिंबा होता. दिग्दर्शनासाठी ऑस्टेन आणि छायालेखनासाठी योसेफ विर्शिंग हे जर्मनीहून आले. ध्वनिलेखन, रसायनशाळा व नेपथ्यरचना या विभागांतही प्रथम युरोपीय तंत्रज्ञ होते. कथाविभाग पाल यांच्याकडे आला. ‘जवानी की हवा’ (१९३५), ‘जीवन नैया’, ‘अछूत कन्या’, ‘जन्मभूमी’ (तिन्ही १९३६), ‘इज्जत’, ‘सावित्री’ आणि ‘जीवन प्रभात’ (तिन्ही १९३७) या चित्रपटांच्या कथा त्यांच्या आहेत. रहस्यकथेपासून पौराणिक आख्यानापर्यंत, आणि ‘इज्जत’मधील भिल्ल-मराठे संघर्षापासून अस्पृश्यतेच्या प्रश्नापर्यंत, विषयांचा हा पल्ला तीन वर्षांच्या काळात गाठलेला आहे.

आता या चित्रपटांतील शब्दाचा प्रवास पाहावा. पाल लिहीत ते इंग्रजीत. त्यांच्या लिखाणावरून हिंदुस्थानी संवाद व गीते रचण्याचे काम बहुधा जे. एस. कश्यप यांच्याकडे असे. हे संवाद नट बोलत, आणि ते बोलून घेणारे ऑस्टेन यांना हिंदी येत नव्हते. नायक-नायिकांची मातृभाषाही हिंदी नव्हती. देविका राणी आणि अशोककुमार दोघेही बंगाली. म्हणजे ज्याने प्रसंग कल्पिला त्याची लेखनभाषा एक, ज्याने तो बोलका केला त्याची दुसरी, ज्याने तो घडवून आणला त्याची तिसरी, आणि ज्यांनी तो वठविला त्यांची चौथी. या चौघांना एकत्र बांधणारे साधन होते कागदावरील इंग्रजी पटकथा. बॉम्बे टॉकीजच्या कामकाजाला जी शिस्त होती असे तिच्या सर्व जाणकारांनी म्हटले आहे, तिचे एक कारण येथे सापडते. जेथे तोंडी समजूत पुरेशी नसते तेथे सर्व काही अगोदर लिहून काढावे लागते. आपल्या चित्रपटसृष्टीत आधी लिहिलेली, काटेकोर पटकथा रुजविण्यास भाषांची ही गुंतागुंत काही अंशी कारणीभूत झाली, असे म्हणावयास प्रत्यवाय नाही.

५

या पद्धतीचे गुण व दोष दोन्ही ‘अछूत कन्या’त एकवटलेले आहेत. पाल यांच्या ‘द लेव्हल क्रॉसिंग’ या इंग्रजी कथेवरून हा चित्रपट तयार झाला. दुःखिया हा अस्पृश्य जातीचा फाटकवाला. त्याने एकदा मोहन या ब्राह्मण दुकानदाराला सर्पदंशातून वाचविले आहे. मोहनचा मुलगा प्रताप आणि दुःखियाची मुलगी कस्तुरी बालपणापासून एकमेकांचे सोबती आहेत, पण जातीमुळे त्यांचा विवाह अशक्य. दोघांचीही लग्ने अन्यत्र होतात. पुढे मत्सर, गैरसमज आणि जत्रेतील कपट यांच्या योगाने कस्तुरीचा नवरा मन्नू रेल्वेच्या फाटकाशीच प्रतापवर चालून जातो. येणाऱ्या गाडीला थांबविण्यासाठी कस्तुरी रुळांवर धावते आणि प्राणास मुकते.

मूळ कथेचे शीर्षक एका जागेचे आहे, हे लक्षात घेतले पाहिजे. रेल्वेचे फाटक ही या कथेतील केवळ पार्श्वभूमी नव्हे. दोन मार्ग जेथे एकमेकांना छेदतात पण मिळत नाहीत असे ते ठिकाण आहे, आणि एकाला वाट द्यावयाची तर दुसऱ्याला अडविलेच पाहिजे, हा त्याचा नियम आहे. जातिव्यवस्थेविषयी लेखकाला जे म्हणावयाचे आहे ते या एका वस्तूत सामावते. गाडी थांबविण्याची क्रियाही कथेत दोनदा येते. आरंभीच्या भागात दुःखिया डॉक्टर मिळावा म्हणून नियम मोडून गाडी थांबवितो व नोकरी गमावतो. शेवटी त्याची मुलगी गाडी थांबवावयास जाते व जीव गमावते. ही द्विरुक्ती कोणी पात्र बोलून दाखवीत नाही. ती दृश्यांच्या रचनेत आहे, म्हणून ती इंग्रजीतून हिंदुस्थानीत येताना हरवत नाही आणि जर्मन दिग्दर्शकालाही समजते. मूकपटात घोटलेला हात येथे कामास आला आहे.

‘प्रेम संन्यास’मधील चौकटही येथे परत येते. चित्रपटाच्या आरंभी मोटारीने जाणारे एक जोडपे फाटकाशी अडते आणि तेथील स्मारकामागची कथा त्यांना ऐकावयास मिळते. मात्र अकरा वर्षांत श्रोता बदलला आहे. १९२५ सालचा श्रोता परदेशी प्रवासी होता. १९३६ सालचा श्रोता मोटार बाळगणारा भारतीय आहे. तो याच देशाचा असला तरी रुळांच्या कडेला राहणाऱ्या माणसांना तितकाच अनोळखी आहे. पाल यांनी जुनी युक्ती आळसाने पुन्हा वापरली असे मला वाटत नाही. आपला प्रेक्षक कोण आहे, हे त्यांनी नेमके ओळखले होते, असाच तिचा अर्थ लावावा लागतो.

दोष आहे तो बोलण्याच्या पातळीवर. भारतीय खेड्यात जात प्रथम ओळखू येते ती पुष्कळदा बोलीवरून: संबोधनांवरून, आदरार्थी रूपांवरून, एखाद्या स्वराच्या उच्चारावरून. कोण कोणाला एकवचनी हाक मारतो आणि कोणाला तसे करण्याची मुभा नाही, यातच सामाजिक उतरंडीचे व्याकरण असते. ‘अछूत कन्या’तील कस्तुरी आणि प्रताप यांच्या भाषेत असा भेद जवळजवळ नाही. दोघेही सोपी, स्वच्छ, कोणत्याही एका जिल्ह्याची नसलेली हिंदुस्थानी बोलतात. याचा दोष कश्यप यांना देणे अन्यायाचे होईल. इंग्रजी मूळात दोन्ही पात्रे एकमेकांना एकाच सर्वनामाने संबोधणार, कारण त्या भाषेत दुसरे सर्वनाम उरलेलेच नाही. जो भेद मूळ संहितेत लिहिताच येत नव्हता, तो भाषांतरकाराने कोठून आणावा? शिवाय सर्व प्रांतांत चालावी अशी भाषा हवी, ही व्यापारी गरजही होतीच. परिणाम असा की अस्पृश्यतेवरील या गाजलेल्या बोलपटात अस्पृश्यता घटनांतून दिसते, पण कानाला ऐकू येत नाही.

ही गोष्ट किरकोळ मानता येणार नाही. डॉ. आंबेडकरांनी येवल्याची घोषणा केली ती १९३५ च्या ऑक्टोबरात, आणि ‘अॅनिहिलेशन ऑफ कास्ट’ प्रसिद्ध झाले ते १९३६ साली, म्हणजे या चित्रपटाच्याच वर्षी. ज्यांच्याविषयी कथा सांगितली जात होती ते त्या वेळी स्वतःच्या शब्दांत बोलू लागले होते. चित्रपटातील कस्तुरीला मात्र स्वतःचा शब्द नाही. तिच्या वाट्याला त्याग आणि त्यानंतर स्मारक येते. कथेचा शेवट करुण आहे, पण तो प्रश्नाला उत्तर न देता प्रश्न विचारणारीलाच नाहीसे करतो. पाल यांच्या सहानुभूतीविषयी शंका घेण्याचे कारण नाही. ती सहानुभूती ज्या भाषेतून व्यक्त झाली तिची मर्यादा मात्र नोंदविली पाहिजे.

६

तुलनेसाठी त्याच वर्षातील व त्याच मुंबई इलाख्यातील दुसरा चित्रपट घ्यावा. पुण्याच्या प्रभात कंपनीचा ‘संत तुकाराम’ १९३६ च्या डिसेंबरात प्रदर्शित झाला. दामले-फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटाची कथा व संवाद शिवराम वाशीकर यांचे होते. येथे लेखक, नट आणि पहिला प्रेक्षक हे तिघेही मराठी. म्हणून जिजाईच्या तोंडी, गौरीबाईंच्या ठसक्यात, घरातील उणेपण सांगणारी रांगडी बोली येऊ शकली. आणि सालोमालोच्या बोलण्यातील पोकळ पांडित्य प्रेक्षकाला ऐकताक्षणी कळले. शांताराम आठवले यांनी या चित्रपटासाठी रचलेला एक अभंग पुष्कळांना तुकोबांचाच वाटला, हे सर्वश्रुत आहे. शब्द चित्राला कसा एकजीव होऊ शकतो, याचे हे प्रमाण होय.

परंतु या तुलनेवरून एक श्रेष्ठ, दुसरा कनिष्ठ, असा निकाल घाईने देऊ नये. ‘संत तुकाराम’ची शक्ती ज्या भाषेत आहे तीच त्याची सीमाही आहे. प्रभातने स्वतः हिंदी आवृत्त्या काढावयास घेतल्या तेव्हा तिलाही वेगळा शब्दकार आणावा लागला: ‘कुंकू’ (१९३७) नारायण हरी आपटे यांच्या कादंबरीवरून झाला, आणि त्याच्या ‘दुनिया ना माने’ या हिंदी आवृत्तीचे शब्द मुनशी अझीज यांनी दिले. म्हणजे भाषेची सीमा ओलांडण्याची वेळ येताच प्रभातमध्येही शब्द सुटा झाला. मालाडला जे पहिल्या दिवसापासून होते ते पुण्याला प्रसंगपरत्वे घडले; कारण दोन्ही ठिकाणी एकच होते.

७

पाल व राय यांचे संबंध पुढे दुरावले. १९३७ नंतर पाल यांनी बॉम्बे टॉकीज सोडली. ते कलकत्त्याला परतले आणि १९५९ साली निधन पावले. त्यांच्या जाण्याने संस्थेचे काम थांबले नाही. १९३८ साली शरदिंदु बंद्योपाध्याय मुंबईस आले आणि त्यांच्या कथेवरून ‘भाभी’ निघाला. महायुद्ध सुरू होताच १९३९ मध्ये ऑस्टेन व विर्शिंग स्थानबद्ध झाले, १९४० साली राय वारले, तरीही संस्था चालत राहिली. ज्या पद्धतीत लेखकत्वाचे भाग पाडलेले असतात त्या पद्धतीत कोणताही एक लेखक अपरिहार्य राहत नाही. पाल यांनी जी व्यवस्था यशस्वी करून दाखविली त्याच व्यवस्थेने त्यांना बदलता येण्याजोगे करून ठेवले होते.

आणि त्यांची विस्मृतीही याच विभागणीतून आली आहे. प्रेक्षकाच्या कानात राहतात ते संवाद व गाणी. ती पाल यांची नव्हती. डोळ्यांत राहते ते विर्शिंग यांचे छायालेखन, आणि देविका राणी व अशोककुमार यांचे चेहरे. पाल यांचे जे होते, ते फाटक, ती दोनदा थांबविलेली गाडी, तो वाटेत अडलेला श्रोता, ते चित्रपटाच्या हाडांत होते; आणि हाडे कोणी पाहत नाही. बंगालीत त्यांना त्यांचे म्हणता येईना, कारण त्यांनी हिंदी चित्रपटासाठी लिहिले; हिंदीत त्यांची गणना होईना, कारण त्यांनी हिंदीत लिहिले नाही; आणि इंग्रजी वाङ्मयाच्या इतिहासाला पटकथा हा प्रकारच मान्य नव्हता. आपले वाङ्मयेतिहास भाषावार लिहिले जातात. भाषांच्या मधल्या जागेत ज्याने काम केले त्याची नोंद कोणत्याच खात्यात पडत नाही.

ब्रायटनच्या किनाऱ्यावरील दोघांपैकी एकाच्या भाषाशुद्धीच्या चळवळीशी ‘दिग्दर्शक’, ‘बोलपट’ यांसारखे आज मराठीत रूढ झालेले शब्द जोडले जातात. दुसऱ्याने ज्या कलेसाठी असे शब्द घडविले जात होते तिचा सांगाडा घडविला, आणि तो परकीय भाषेत लिहून. राष्ट्रीय चित्रपटसृष्टीच्या उभारणीत या दोन्ही कामांची गरज होती. मराठी चित्रपटलेखनाच्या अभ्यासकांपुढे यातून एक काम उभे राहते. श्रेयनामावलीतील ‘कथा’ आणि ‘संवाद’ या दोन शब्दांच्या मध्ये कोणकोणत्या भाषा दडलेल्या आहेत, आणि त्या सीमेवर काय गळाले व काय टिकले, याची चित्रपटागणिक नोंद झाली पाहिजे. ती झाल्यावाचून भारतीय पटकथेचा इतिहास पूर्ण होणार नाही, आणि निरंजन पाल यांच्यासारख्यांच्या नावावर जमा असलेले ऋणही फिटणार नाही.